साहेब म्हणे, कानबाई परत बुडवा

दिवाळी अंकाच्या संपादक बाई घरी आल्या, चहा घेतला आणि म्हणाल्या, "नाना, तुमच्या ड्रायव्हरकीचं लिहा. परदेशी लोकांना फिरवलंत, गमतीजमती असतील." मी म्हटलं, बाई, मी पाचवीत दोनदा बसलो आणि पुढच्या वेळी मास्तरांनीच हात जोडले. शुद्धलेखन तुमचं, गमती माझ्या. आणखी एक आधीच सांगतो. माझी बायको मंगला होळीच्या आधी गेली. मध्येच कुठे माझं डोकं फिरलं तर वाचणाऱ्याने पान उलटून पुढची पाककृती वाचावी. मला राग येणार नाही.

जळगाव स्टेशनाबाहेर माझी गाडी उभी असायची. आधी अँबॅसडर, मग जीप. अजिंठ्याला जाणारे गोरे उतरले की आम्ही ड्रायव्हर लोक त्यांच्यावर तुटून पडायचो. एकदा असाच रॉबिन साहेब उतरला. उंच आणि वरून वाकलेला, ट्रकने धडक दिल्यावर विजेचा खांब दिसतो तसा. बरोबर एक कॅमेरावाला, एक आवाजवाला आणि पेट्याच पेट्या. पेट्या बघून बाकीचे ड्रायव्हर मागे सरले. मी सरलो नाही, कारण माझ्या मागे भिंत होती. त्या दिवसापासून तो खानदेशात जेव्हा जेव्हा आला तेव्हा माझ्याच गाडीत बसला. त्याचे केस पांढरे झाले, माझे गेले.

साहेब इंग्लंडचा. धंदा माहितीपट काढायचा. जुनी चित्रं, मेलेले राजे, पडके किल्ले, असल्या गोष्टींचे. मंगलाने पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला आमच्या अहिराणीत विचारलं, "त्या सिनेमामा नाच शे का?"

म्हटलं, नाही.

"हानामारी?"

तीही नाही.

"मंग लोके देखतस काय?"

हे मी साहेबाला हिंदीत सांगितलं. तो इतका हसला की गाडी बाजूला घ्यावी लागली. म्हणाला, लंडनमधले माझे मालकही हेच विचारतात.

लोकांना वाटतं कॅमेरा लावला, बटण दाबलं, झालं. कसलं काय! सगळ्यात मोठं काम चकित होण्याचं. कुणीतरी शिकलेली बाई नाहीतर बाप्या लेणीत चालत येणार, वर बघणार आणि चकित होणार. पण तिने तर ते चित्र सकाळीच बघितलेलं असतं. मग साहेब म्हणणार, एक बार और. ती बाहेर जाणार, परत येणार, परत चकित होणार. एक बार और. आता सावली पडली. एक बार और. आता माकड आलं. शेवटी ती बाई इतकी दमायची की तोंड आपोआप उघडं पडायचं, आणि तेच साहेबाला पसंत पडायचं.

मी नावाला ड्रायव्हर. माझं खरं काम आवाज बंद करणं. इतिहासाला आवाज चालत नाही. पिठाची गिरणी बंद कर, विहिरीवरची मोटर बंद कर, देवळावरचा भोंगा बंद कर, शेळी असेल तर तिला पाला टाकून तोंड बंद कर. गिरणीवाला म्हणायचा, "नाना, बायका दळण घेऊन बसल्यात." मी म्हणायचो, "अकबर बादशहाचं काम आहे, जरा थांब." दुसरं काम लपवालपवीचं. गावात निळा प्लास्टिकचा ड्रम, डिशची छत्री आणि मोटरसायकल एवढं हलवलं की मागे सगळं मध्ययुग. मी हाताने हलवलेलं आहे, म्हणून सांगतो.

धरणगावची गोष्ट सांगतो. इंग्रजांच्या काळात तिथे भिल्लांची पलटण होती, त्यावर साहेबाची फिल्म चालली होती. एक भिल्ल म्हातारा सापडला. त्याचा पणजोबा त्या पलटणीत. साहेब मला म्हणाला, विचार त्याला, घरातली जुनी माणसं इंग्रज अंमलदारांबद्दल काय सांगायची. मी विचारलं. म्हाताऱ्याने आधी पान थुंकलं, मग सुरू झाला. हात नाचवत, काठी आपटत, थांबेचना. संपल्यावर साहेब माझ्याकडे बघतो. मी गोल गोल बोलणारा माणूस नाही. म्हटलं, "साहब, ये बोलता है तुम्हारा दादा चोर था."

 साहेब शांतपणे म्हणाला, "मेरा दादा पोस्टमन था. लेकिन बोलने दो."

मी म्हाताऱ्याला सांगितलं, बाबा, याचा आजा टपाल वाटायचा. म्हातारा एकदम ओशाळला. "मंग मी याले कसाले शिव्या दी राहिनू? चहा पाज त्याले!" त्याने स्वतःच्या बशीतला चहा साहेबाला पाजला. ती फिल्म त्या शिव्यांनीच सुरू होते. तिकडे कुठलंसं बक्षीसही मिळालं म्हणे. म्हाताऱ्याला सांगितलं तर म्हणाला, आणखी पाहिजेत तर आहेत.

पिंपळनेरला एका मारवाडी शेटजींचं दुकान. पणजोबांनी राजस्थानातून चितारी आणून दुकानाचं छत रंगवून घेतलेलं. कृष्ण, हत्ती, आगगाडी आणि छत्रीवाली एक मड्डम, सगळे एकाच रांगेत. साहेब वर बघून वेडा झाला. शेटजी म्हणाले, "नानाभाऊ, छत दाखवा, जी भरके दाखवा. पण खाली येताना कॅमेरा माझ्या पाटीवर थांबला पाहिजे." साहेब म्हणाला, जाहिरात चालत नाही, नियम आहे. शेटजी म्हणाले, "पाटी माझी, छत माझं, आणि नियम लंडनचा?" दोन्हीकडून मी निरोप वाहून वाहून दमलो. शेवटी पाटी नाही, असं ठरलं. शेटजींनी मान डोलावली, आत गेले आणि नवा सफारी घालून आले. पुढे मी ती फिल्म बघितली. एक प्रोफेसर बाई रंगांबद्दल लंबंचौडं बोलते आहे आणि तिच्यामागे शेटजी एकच बिस्किटाचा डबा पुसतायत. बाई तीनशे वर्षं मागे गेली, पुढे आली, डबा पुसणं चालूच. साहेब म्हणायचा, माझ्या सगळ्या फिल्म्समध्ये तेवढा एकच माणूस खरोखर काम करताना दिसतो.

हा साहेब सुरुवातीला तिकडच्या कुठल्याशा स्टुडिओत चहा द्यायचा, असं त्याने मला एकदा चाळीसगावच्या रस्त्यावर सांगितलं. मग पेट्या उचलल्या, मग कॅमेरा धरला, मग चित्रकारांवर फिल्म काढल्या, मग राजांवर. म्हणाला, मेलेली माणसं बरी. उशिरा येत नाहीत, आणि फिल्म झाल्यावर कॉपी मागत नाहीत. मंगलाला हे आवडायचं नाही. ती त्याला भरीत-भाकरी वाढताना मला म्हणायची, "ह्या साहेबले जित्ता माणूस आवडस का नही?" पण वाढायची भरपूर. त्याच्या सगळ्या टोळीला वाढायची. मिरचीने साहेबाच्या नाकाडोळ्यांतून पाणी यायचं, तरी बोटं चाटत म्हणायचा, एक बार और. तिथे तिची हरकत नसायची.

आता कानबाईचं सांगतो. त्याच्यासाठीच खरं लिहायला बसलो.

बाहेरच्या लोकांना माहीत नसेल. श्रावणात एका रविवारी खानदेशात घरोघर कानबाई बसते. नारळाची देवी. तिला डोळे लावतात, नथ घालतात, साडी नेसवतात, पाटावर बसवतात. भाऊबंदकीतल्या दर पुरुषामागे सव्वा मूठ गहू मोजून दळायचे, त्याचे जाड पोळीसारखे रोट करायचे. ते रोट ज्याच्या नावाने गहू पडला त्याच घराण्याने खायचे, बाहेरच्याला द्यायचे नाहीत. सोमवारी वाजतगाजत देवीला नदीवर न्यायचं आणि बुडवायचं.

साहेब तेव्हा सत्तरीच्या पुढे. तिकडे त्याच्या धंद्यात नवी पोरं मालक झाली होती. लोक आता हातातल्या फोनवर बघतात, तासाची फिल्म कोण बघतो, असं त्याला तोंडावर सांगायची. तरी त्याला एक शेवटची फिल्म मिळाली. देशोदेशीच्या घरातल्या देव्यांची. त्यात शेवटी आमची कानबाई, आमच्याच गावी, आमच्याच घरात. मालकांनी अट घातली होती. नदीत देवी बुडवताना दिसली पाहिजे. ते नीट आलं नाही तर खानदेश सगळा कापणार.

आणि मला मंगला त्या फिल्ममध्ये पाहिजे होती. साफ सांगतो. तिचं हृदय थकलं होतं. धुळ्याच्या डॉक्टरने मला बाजूला घेऊन जे सांगायचं ते सांगितलं होतं. माझ्या डोक्यात एकच, हिचं हलतं-बोलतं चित्र कुठेतरी राहावं. तुम्ही म्हणाल, फोन आहे ना? फोन धरला की ती तोंडावर पदर घेऊन म्हणायची, "कामं नहीत का तुमले?" तिचा म्हणून घरात एक फोटो, त्यातही ती फोटोवाल्यावर चिडलेली. देवीच्या कामात ती कॅमेरा विसरेल, असा माझा हिशोब. इतकी वर्षं साहेबाने दुनियेच्या बायका चकित करून दाखवल्या, एकदा माझी दाखवू दे.

तिने हो म्हटलं, पण बजावलं, "मी कोनासाठे थांबनार नही."

रविवारी सकाळी गहू मोजायला बसली आणि पहिलं भांडण झालं. सगळ्या पुरुषांचे गहू मोजून झाले आणि तिने वर आणखी सव्वा मूठ टाकले. माझा धाकटा भाऊ दगडू बघत होता.

"वहिनी, हाई कोनं?"

"साहेबनं."

"इंग्रज आपला भाऊबंद कवयपासून व्हयना?"

"इतला साल पाईन तो मना हातनं खाई राहिना. तुना पोरे निसता लगीनले येतस. त्यासनं काढू का?"

दगडूची पोरं, म्हणजे माझे पुतणे, तिथेच नवे शर्ट घालून उभे होते.  साहेबाने रोट खाल्ला. कोरडा लागला असणार, पण त्या दिवशी त्याने एक बार और म्हटलं नाही. त्याला कुणीतरी सांगितलं होतं की हे मोजून आहे.

सोमवारी देवी निघाली. मंगलाने पाट डोक्यावर घेतला. मी म्हटलं, दुसऱ्या कुणाला दे, डॉक्टरने ओझं नको म्हटलंय. ती म्हणाली, "हाई वझं शे का?" मी तिच्या शेजारून चालू लागलो. पुढे बायका गाणी म्हणत होत्या, मागे डफ. साहेब आधीच आमच्या पांझरा नदीत उतरलेला. पँट गुडघ्यापर्यंत दुमडलेली, डोक्याला रुमाल, कॅमेरावाल्याला कोपराला धरून उभा. मी पुतण्यांना दहादा सांगितलं होतं, काठावर थांबायचं, मध्ये यायचं नाही. सगळ्यांनी माना हलवल्या.

मंगलाने पाण्यात पाय टाकला. मी तिचा हात धरला. आणि पुतण्यांची अक्कल तिथेच वाहून गेली. कानबाई त्यांनी दरवर्षी बघितलेली. इंग्रज साहेब पांझरेत पोटऱ्या भिजवून उभा, हे कधी बघितलेलं नाही. जेवढे पुतणे तेवढे मोबाइल, सगळे धावत पाण्यात घुसले, मंगलाकडे पाठ करून भिंतीसारखे उभे राहिले आणि साहेबाचं शूटिंग करू लागले. साहेब ओरडला, "हटो! हटो!" त्यांना वाटलं, साहेब त्यांच्याशी बोलतोय. एकाने हात हलवला. हे सगळं होईपर्यंत देवी बुडाली होती.

साहेब पाण्यातून माझ्याकडे आला. तोंड पांढरं. हात जोडून म्हणाला, "नाना. एक बार और."

पुतण्यांना आनंदाचं भरतं आलं. एक म्हणाला, काका, दुकान जवळच आहे, दुसरा नारळ आणतो. तो निघालासुद्धा. दगडू, कालपर्यंत इंग्रजाच्या सव्वा मुठीला रडणारा, म्हणतो, "वहिनी, एकडाव करी टाक ना. टीव्हीवर येशी." मंगला दगडावर बसून पदर पिळत होती. धाप लागलेली. मीही म्हणालो. म्हटलं, मंगला, साहेबाची शेवटची फिल्म आहे, आणि दुसरा नारळ मिळतोय.

तिने माझ्याकडे बघितलं. "आते नारळ व्हयनं का? काल तिले नथ घाली, साडी नेसाडी, बठ्ठा तिना पाया पडनात. तवय देवी व्हती. साहेबनं चित्र बिघडनं म्हनीसन आते नारळ?"

दगडू म्हणाला, "पन वहिनी..."

"तू गप बस. तुना पोरेसनी पहिले आपला मोबाइल बुडावा."

मग ती साहेबाकडे वळली. तिची हिंदी माझ्यापेक्षा वाईट, पण त्या दिवशी अडली नाही. म्हणाली, "साहब, बेटी ससुराल गयी. वापस बुलाके फिर भेजूँ क्या?"

 साहेबाने कॅमेरावाल्याला खूण केली आणि त्याने कॅमेऱ्याचं झाकण लावलं. साहेबाने विचारलं, "अगले साल?"

"आव अगले साल. रोट खाव."

नारळ आणायला गेलेला पुतण्या परत आला तेव्हा आम्ही घरी पोचलो होतो. त्या नारळाची चटणी झाली.

लंडनच्या पोरांनी आमचा भाग कापला. फिल्म आली, त्यात कुठल्या कुठल्या देशांच्या देव्या आहेत, आमची नाही. साहेबाने फोन करून सांगितलं आणि म्हणाला, चूक तिची नाही. मी फोन ठेवून मंगलावर रुसलो. ती म्हणाली, रुसा, पण येताना मेथी आणा. मी आणली. हिवाळाभर ती होती. मग होळीच्या आधी, दुपारी, लसूण सोलता सोलता गेली. भिंतीला टेकली, मला वाटलं झोप लागली.

पाककृतीकडे जाणारे गेले असतील. बाकीच्यांसाठी पुढचं.

तेराव्याला पुतणे जमले. मी म्हटलं, आणा रे ते मोबाइल, नदीवरचं काय काय आहे दाखवा. कॅमेऱ्याला नाही तर मोबाइलला तरी ती सापडली असेल, एखाद्या कोपऱ्यात, कुणाच्या खांद्यावरून. एकेकाने काढून दिले. मी चष्मा पुसून सगळे बघितले. साहेब. साहेबाचा रुमाल. साहेबाच्या पोटऱ्या. एका दिवट्याने पोटऱ्या जवळ ओढून घेतल्या आहेत, त्यावर डास बसलेला दिसतो. मागून बायकांची गाणी ऐकू येतात. मंगला नाही. एकाही मोबाइलात नाही. पोरं माना खाली घालून बसली. थोरला म्हणाला, "काका, काकू तर घरचीच होती ना." मी त्याला शिवी दिली. मग त्याचंच खरं आहे असं वाटून आणखी एक दिली.

मग मी साहेबाकडचं मागवलं. कापलेलं असलं तरी टाकलं नसेल. त्याने धाडलं. त्यात पुतण्यांची तोंडं आहेत, दात काढलेली, प्रत्येकाच्या तोंडापुढे मोबाइल. पोरांनी साहेबाचं शूटिंग केलंय, साहेबाने पोरांचं. तिने देवी बुडवली ती त्यांच्या पाठीमागे.

या श्रावणात आमच्याकडे कानबाई बसली नाही. घरात मयत झालं की वर्षभर बसत नाही. त्या रविवारी साहेबाचा व्हिडिओ कॉल आला. अगले साल म्हणाला होता, ते त्याच्या लक्षात. गुडघ्याचं ऑपरेशन झालंय, येता आलं नाही. मागे भिंतीवर एक मोठं जुनं चित्र, त्याच्यापुढे म्हातारा स्वेटर घालून बसलेला. मी त्याला मोबाइलांचं सांगितलं. त्याच्या पोटऱ्यांचंही सांगितलं. तो हसला, मी हसलो. मग तो म्हणाला, "नाना, तुम किधर था?"

"उसके बाजू में. हाथ पकडके."

"तो तुमने देखा."

 हे त्याआधी माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. म्हटलं, "साहब, मैंने पाँव देखा."

तिथले दगड शेवाळाने निसरडे. ती पडेल या भीतीने माझी नजर सारखी खाली. देवीकडे नाही, तिच्या तोंडाकडे नाही. साहेब म्हणाला, "पाँव बताओ."

मग सांगितलं. टाचा भेगाळलेल्या. डाव्या पायातलं जोडवं ढिलं झालेलं, ती वाळली होती म्हणून. नदीत जाऊ नये म्हणून तिने त्याला दोरा गुंडाळला होता, लाल. बायका कपडे धुतात तो सपाट दगड, त्यावर आधी डावा पाय, बोटांनी चाचपून, मग उजवा. पाणी घोट्यापर्यंत. तिथे ती मला म्हणाली, "हात सोडा आते. देवीले दोन्ही हात लागतस." मी सोडला. ती एक पाऊल पुढे गेली. मी मागे हात पसरून उभा.

साहेबाने विचारलं, "फिर?"

म्हटलं, फिर क्या, साहब. श्रावण का पानी था, गंदला. उसके आगे पाँव भी नहीं दिखा.